सूप गार होतंय

आमच्या घरात रुटगर ब्राउअर्सचं नाव घ्यायला कुणी बंदी घातली नव्हती. पण ते नाव निघालं की आई उठायची आणि भांडी घासायला लागायची, आधी घासून ठेवलेली सुद्धा. त्यामुळे आपोआपच कुणी घेत नसे. मी मात्र आता घेणार आहे. गोष्ट माझ्या बहिणीची, मार्लूसची आहे, आणि त्या माणसाला बाहेर ठेवून ती सांगता येत नाही.

मी त्वान. ट्रेलर बनवायच्या कारखान्यात वेल्डिंग करतो, आणि हिवाळाभर आमच्या डोरहाउट गावच्या कार्निव्हलच्या मिरवणुकीसाठी देखाव्यांच्या गाड्या बांधतो. मार्लूस माझ्याहून चार वर्षांनी लहान. आमचे बाबा, ड्रीक फान डोंगन, शेजारच्या गावी बुटांच्या कारखान्यात होते. तो बंद पडल्यावर शाळेचे शिपाई झाले. पण गावात त्यांना कुणी बूटवाला म्हणून ओळखलं नाही की शिपाई म्हणून. ते गावच्या बँडमध्ये बिगुल वाजवायचे, तीच त्यांची ओळख.

रविवारी चर्चहून आलं की आई मटणाच्या गोळ्यांचं सूप चढवायची आणि आम्ही पोरं कालव्याकडे पळायचो. सूप झालं की बाबा मागच्या दारात उभे राहून बिगुलावर चार सूर वाजवायचे. दोन सरळ, एक वर चढणारा, आणि शेवटचा लांबलचक. आम्ही जिथं असू तिथून धावत सुटायचो. सगळ्या गल्लीला ते सूर पाठ होते. शेजारच्या बाई म्हणायच्या, "ड्रीककडं सूप झालं, आणि आमच्याकडं अजून बटाटे सोलतायत."

मार्लूस काटकुळी, एक वेणी घालणारी, कमी बोलणारी. तिचे कान मात्र भलतेच तिखट. सायकलच्या घंटीवरून कोण आलं ते सांगायची. चौदाव्या वर्षी तिनं घरचा रेडिओ उघडला आणि पुन्हा जोडला, तेव्हापासून तो आधीपेक्षा बरा वाजायला लागला. आई म्हणायची, "या पोरीला कानांनीच दिसतं."

रुटगर हा गाड्यांच्या शोरूमवाल्या ब्राउअर्सचा मुलगा. दात पांढरे, बोलणं गोड, आणि बापाची व्हॅन कधीही हाताशी. अठराव्या वर्षी त्या दोघांनी मिळून फिरता डिस्को काढला. लग्नं, लग्नाचे पंचविसावे वाढदिवस, फुटबॉल क्लबचे समारंभ. तो माइकवर बडबडायचा, ती मागं वाकून तबकड्या लावायची. लोक नाचायचे ते तिच्यामुळे आणि टाळ्या वाजवायचे त्याच्यासाठी. तिला त्याचं काही वाटत नसे.

मग नव्वदच्या दशकात ते नवं संगीत आलं, यंत्रांवर बनणारं, छातीत ठोके घालणारं. आमच्या घरामागच्या शेडमध्ये मार्लूसनं जुना अटारीचा कॉम्प्युटर आणि एक सॅम्पलर मांडला. सॅम्पलर म्हणजे कुठलाही आवाज पकडून तो पट्ट्यांवर सुरासारखा वाजवू देणारं यंत्र. दाराची करकर, कालव्यावरच्या पुलाचा घणघणाट, आईचा मिक्सर, काही सोडलं नाही तिनं. ती यंत्रं रुटगरच्या बापाच्या ओळखीनं, रुटगरच्या नावावर घेतलेली होती. तेव्हा त्याचं काही वाटलं नाही. तो घरचाच होता. आईच्या हातचं सूप त्यानं आमच्याइतकंच प्यायलं होतं.

रॉटरडॅमच्या एका कंपनीनं त्यांच्या तबकड्या काढायला सुरुवात केली. जोडीचं नाव ठेवलं ‘कानाल’, आमच्या कालव्यावरून. संगीत सगळं मार्लूसचं. रुटगर क्लबवाल्यांशी बोलायचा, हात मिळवायचा, गाडी चालवायचा. टिलबर्ग झालं, गेंट झालं, जर्मनीतून बोलावणी यायला लागली. पोस्टरवर आधी दोघं असायची. मग रुटगर पुढं आणि ती मागं. मग तर तिचा खांदाच तेवढा दिसायला लागला.

मी म्हणालो, "अगं, तुला कापून टाकतायत."

"मला काय," ती म्हणाली. "माझं तोंड थोडंच वाजतं."

बाबांच्या फुप्फुसात कारखान्यातली धूळ आणि डिंकाचा वास वर्षानुवर्षं साठला होता. दुखणं बाहेर आलं तेव्हा डॉक्टरनं फार काही सांगितलं नाही, पण आम्हाला कळलं. एका दुपारी मार्लूसनं त्यांना शेडमध्ये बोलावलं, खुर्ची दिली, समोर माइक ठेवला. मी दारात उभा होतो.

"बाबा, सूपचे सूर वाजवा."

"आता चार सूर म्हणजे मला चर्चचा मनोरा चढल्यासारखं आहे गं."

"मग सावकाश चढा."

त्यांनी बिगुल ओठाला लावला. दोन सूर सरळ आले, तिसरा चढला, आणि चौथा लांबवता लांबवता मधेच फाटला. त्यांना खोकला आला. "हा खराब गेला," ते म्हणाले. "पुन्हा घेतो."

"नको. झालं," मार्लूस म्हणाली.

वसंतात बाबा गेले. बँडनं कबरीपर्यंत साथ दिली. बाबांच्या शेजारच्या खुर्चीवर आयुष्यभर बसलेला नेलिस त्या दिवशी वाजवूच शकला नाही, नुसता बिगुल छातीशी धरून चालला.

त्या उन्हाळ्यात मार्लूस शेडमधून बाहेर येईना. तिनं त्या चार सुरांभोवती एक रचना बांधली. सुरुवातीला नुसता ठोका, मग कालव्याच्या पाण्यासारखं काहीतरी, मग सगळं थांबायचं आणि त्या शांततेत बाबांचा श्वास यायचा. सुरांच्या आधी घेतलेला श्वास सुद्धा तिनं ठेवला होता. मग चार सूर, शेवटचा फाटणारा. आणि तो फाटला की खालून पुन्हा सगळं उसळून वर यायचं.

तिनं ते स्वयंपाकघरात आईला ऐकवलं. आईनं ओला हात पुसला, खुर्ची ओढली आणि म्हणाली, "पुन्हा लाव."

रुटगरलाही ऐकवलं. तो म्हणाला, "मार्लूस, हे जगभर वाजेल."

"हे कुठंच वाजणार नाही. हे आमच्या घरचं आहे."

"अर्थात," तो म्हणाला, आणि त्यानं तिला मिठी मारली. मी पाहिलंय.

शरद ऋतूत आम्ही तिघं बाबांच्या नावानं मेणबत्ती लावायला जर्मनीतल्या केव्हेलारच्या यात्रेला गेलो. परत आलो तर शेड रिकामी. कॉम्प्युटर नाही, सॅम्पलर नाही, तबकड्या नाहीत, वायरी सुद्धा नेल्या होत्या. कुलूप फोडलेलं नव्हतं, कारण किल्ली आम्हीच रुटगरला दिली होती. तो ॲमस्टरडॅमला राहायला गेला होता. फोन उचलत नव्हता. त्याची आई दारातून म्हणाली, "सामान त्याच्याच नावावर आहे ना गं?"

त्या हिवाळ्यात आई आणि मार्लूस बेकरीत रांगेत उभ्या होत्या. रेडिओ चालू होता. ठोका आला, पाणी आलं, सगळं थांबलं, आणि बेकरीभर माझ्या बाबांनी श्वास घेतला.

आईच्या हातात सॉसेज भरलेल्या पावांची पिशवी होती. तिनं ती काउंटरवर ठेवली. "हा ड्रीक आहे," ती बेकरीवालीला म्हणाली. "हा माझा ड्रीक आहे." मग निवेदक बोलला, नवं गाणं, ‘खारी पहाट’, कलाकार ‘कानाल’, म्हणजे आपल्या ब्राबांट प्रांतातलाच तरुण रुटगर ब्राउअर्स. मार्लूसनं आईला दंडाला धरून बाहेर आणलं. पाव तिथंच राहिले.

रुटगर नाताळात बापाला भेटायला आला तेव्हा मार्लूस शोरूममध्ये गेली. मी बरोबर होतो. मला त्याचे दात पाडून मोजायचे होते, पण तिनं मला दाराशीच उभं केलं.

"ते परत दे," ती म्हणाली.

"काय परत देऊ? ते आता माझ्याकडं नाही, लोकांकडं आहे." तो एका नव्या गाडीला टेकून उभा होता. "हे बघ, तू ते पेटीत घालून पुरणार होतीस. मी तुझ्या बापाला जगभर नेलं. आभार मान की."

"माझं नाव कुठं आहे?"

"कंपनी म्हणते एकच चेहरा चालतो. आणि खरं सांगू का, रागावू नकोस, तो तुझा नाही." मग जरा हळू, समजावल्यासारखं, "चार सूर आहेत मार्लूस. चार सुरांचा कुणी मालक नसतो."

ती त्याच्याकडं बघत राहिली. मला वाटलं आता मारेल. तिनं फक्त मान हलवली, हिशेब कळल्यासारखी, आणि बाहेर आली. गाडीत बसल्यावर म्हणाली, "त्वान, मला घाई नाही."

मला ते तेव्हा कळलं नाही. मला वाटलं ती हरली. वकिलाला विचारून झालं. तो म्हणाला, तुझा शब्द आणि त्याचा शब्द, वर यंत्रं त्याच्या नावावर. मार्लूस एका लहान कंपनीत लागली. चर्चमध्ये, शाळांत, वृद्धाश्रमांत स्पीकर बसवायचं काम. शिडीवर चढून वायरी ओढायची.

आणि तो वर चढत गेला. इबिझा, मायामी, दुबई. पांढरा शर्ट, दोन्ही हात आकाशाकडं, समोर माणसांचा समुद्र. प्रत्येक कार्यक्रमाच्या शेवटी ‘खारी पहाट’. आणि दर वेळी, सगळं थांबलं की तो डोळे मिटायचा आणि माझ्या बाबांचा श्वास अंगावर घ्यायचा. टीव्हीवर एकीनं त्याला विचारलं, ते सूर कुठून सुचले? तो म्हणाला, "एका बेटावर पहाटे एकटा बसलो होतो. लांबून एक जहाज भोंगा देत होतं. मला वाटलं, समुद्र माझ्याशी बोलतोय."

आईनं टीव्ही बंद केला. "जहाज," ती म्हणाली. बाबा गेल्यापासून आई दर रविवारी चर्चमध्ये मेणबत्त्या लावायची. शेजाऱ्यांसाठी, आजाऱ्यांसाठी, एकदा तर आमच्या आळशी टपालवाल्यासाठी सुद्धा. पाद्रीबाबांनी सुचवलं की रुटगरसाठीही एक लावावी, मन हलकं होईल. आई म्हणाली, "माझं मन हलकं झालं तर त्याला काय जड जाणार?"

अशी वर्षं गेली. माझे केस गेले, मार्लूसची वेणी पांढरी व्हायला लागली.

मग एका शरदात बातमी आली. ‘खारी पहाट’ येऊन वीस वर्षं झाली म्हणून रुटगर गावी परत येणार. पुढच्या उन्हाळ्यात, रविवारी दुपारी, कालव्याकाठच्या कुरणावर मोठा कार्यक्रम, टीव्हीवर थेट. आणि त्याची इच्छा अशी की गावचा बँड, गणवेश घालून, त्याच्यामागं रंगमंचावर बसावा. आपली मुळं दिसावीत म्हणून.

नेलिस आता बँडमास्तर झाला होता. तो टोपी हातात घेऊन आमच्याकडं आला. "मार्लूस, आम्ही नाही म्हणणार आहोत. ड्रीकच्या खुर्चीची शपथ."

मार्लूस कॉफी ओतत होती. "हो म्हणा," ती म्हणाली.

"काय?"

"हो म्हणा. छान गणवेश इस्त्री करा. आणि नेलिसकाका, तुम्हाला यंदाच्या कार्निव्हलसाठी गाणं हवंय ना? मी देते."

आमच्याकडं कार्निव्हल म्हणजे काय ते बाहेरच्याला सांगून कळत नाही. हिवाळा सरताना ते तीन दिवस डोरहाउटचं नाव किकरडोंक होतं, बेडकांचं गाव. पाद्री, महापौर, पोलीस, कुणाचीही टर उडवली तरी चालते, आणि रागावला तो मेला. प्रत्येक गाव दरवर्षी नवं गाणं काढतं. मूर्ख शब्द, सोपी चाल, पिऊन सुद्धा गाता यावं असं.

मार्लूसनं गाणं लिहिलं. चाल ‘खारी पहाट’चीच, पण बँडच्या उड्या मारणाऱ्या तालात. आणि त्या चार सुरांवर शब्द बसवले, ज्यासाठी ते सूर मुळात होते तेच.

‘सूप गार होतंय, ड्रीक बोलावतोय,
सूप गार होतंय, घरी या रे.
पहाट नाही, जहाज नाही, दुपारचे बारा,
रुटगर, बिगुल परत कर, मग पळी धरा.’

मी वाचलं आणि पहिल्यांदा माझ्या बहिणीला घाबरलो. त्यात एकही शिवी नव्हती. तिनं वीस वर्षांची त्याची पवित्र जागा उचलून जेवणाच्या टेबलावर आणून आपटली होती.

"हे एकदा कुणी ऐकलं," मी म्हणालो, "की मूळ गाणं त्याला पुन्हा..."

"हो," ती म्हणाली. "ऐकूच येणार नाही."

कार्निव्हलवाल्यांच्या मोठ्या शेडमध्ये मी गाडी बांधली. घराएवढं सुपाचं पातेलं, त्यात गळ्यापर्यंत बुडालेला रुटगर, पांढरे दात, दोन्ही हात आकाशाकडं. एका हातात बाबांचा बिगुल, बादलीएवढ्या तोंडाचा. पातेल्यातून वाफ निघायची. आयुष्यात इतकं मन लावून मी काही वेल्ड केलेलं नाही. दर ठिणगीला मला शोरूममधली ती नवी गाडी दिसत होती.

मिरवणुकीला गाव वेडं झालं. पहिल्या कोपऱ्यावर बायकांनी शब्द उचलले, चौकात येईपर्यंत पोराटोरांना पाठ झाले होते. शेजारच्या गावांनी ते दुसऱ्या दिवशी गायलं. तिसऱ्या दिवशी टिलबर्गचा रेडिओ वाजवत होता. ईस्टरपर्यंत देशाच्या उत्तरेतले, ज्यांना कार्निव्हल म्हणजे काय ते माहीत नाही असे लोकही ‘सूप गार होतंय’ म्हणत होते. लोक विचारायला लागले, हा ड्रीक कोण? आणि गावात कुणालाही विचारलं तरी तो सांगायचा. आम्हाला काही बोलावंच लागलं नाही.

रुटगरच्या वकिलाचा फोन आला. मार्लूसनं तो सगळ्यांना ऐकू येईल असा टेबलावर ठेवला.

"बाई, ही चाल माझ्या अशिलाची आहे."

"बरं. मग कोर्टात जाऊ," मार्लूस म्हणाली. "तिथं आम्हा दोघांना एकच प्रश्न विचारा. चौथा सूर मधेच का फाटतो? मला माहीत आहे. तुम्ही आधी तुमच्या अशिलाला विचारून बघा."

मग वकील म्हणाला, "मी कळवतो." त्यानं कधीच कळवलं नाही.

रुटगरला कार्यक्रम रद्द करता येईना. रद्द केला तर गाणं खरं ठरलं असतं. टीव्हीवर तो हसून म्हणाला, "आमच्या गावची थट्टा आहे ही. मलाही ते गाणं पाठ झालंय." हसताना डोळे हसत नव्हते. आईनं त्या दिवशी टीव्ही बंद केला नाही. खुर्ची जवळ ओढली.

कार्यक्रमाच्या दिवशी लख्ख ऊन होतं. कुरणावर माणूस मावेना. आईसाठी मी घडीची खुर्ची नेली होती. मार्लूस तिच्या शेजारी उभी, कामावरच्याच जाकिटात. आणि गर्दीत, जिकडं बघावं तिकडं, लोकांनी घरून पळ्या आणल्या होत्या. लाकडी, स्टीलच्या, काहींनी रिबिनी बांधलेल्या. तसं कुणी सांगितलं नव्हतं.

रुटगर आला. खोटं कशाला बोलू, त्याला काम येत होतं. लोक नाचले. मागं बँड गणवेशात बसला होता, गुडघ्यावर वाद्यं ठेवून, चर्चमधल्या मूर्तींसारखा गप्प. त्यांना मधे दोनदा थोडं वाजवायला सांगितलं होतं, तेवढं त्यांनी वाजवलं.

मग शेवटी ‘खारी पहाट’. टाळावी तरी कशी, कार्यक्रमच तिच्या नावाचा. ठोका आला, पाणी आलं. त्यानं हात वर केले, डोळे मिटले. सगळं थांबलं. बाबांनी श्वास घेतला.

आणि सगळ्या कुरणानं मिळून गायलं, सूप गार होतंय.

पहिल्यांदा त्यानं कानामागं हात धरला, वा वा, अजून मोठ्यानं, म्हटल्यासारखा. दुसऱ्या ओळीला हात खाली आला. तिसऱ्या ओळीला पळ्या वर गेल्या, उन्हात चमकल्या, आणि ‘रुटगर, बिगुल परत कर’ हे हजारो माणसं त्याच्या तोंडावर गायली. त्यात त्याच्या वर्गातले होते, फुटबॉल क्लबचे होते, त्यानं ज्यांच्या लग्नात माइक धरला होता ते होते. त्यानं आवाज वाढवला. लोकांनी त्याहून वाढवला. तो माइकमध्ये म्हणाला, "बस झालं, मित्रांनो. मजा केली, आता बस." कुणी मित्र नव्हतं तिथं.

शेवटी त्यानं आवाजवाल्याकडं बघून गळ्यावरून हात फिरवला. बंद कर. स्पीकर मेले.

तेव्हा मागं नेलिस उभा राहिला. त्याच्यामागं सगळा बँड उभा राहिला. पितळेला प्लग लागत नाही. नेलिसनं बाबांचा बिगुल, खरा, आमच्या कपाटातला, ओठाला लावला आणि चार सूर वाजवले. शेवटचा त्यानं मुद्दाम फाडला. मग सगळा बँड तुटून पडला, आणि रुटगर ब्राउअर्स आपल्या त्या लाखमोलाच्या मुक्या यंत्रांपुढं हात लोंबकळत उभा राहिला. कॅमेरा त्याच्या तोंडावर होता. मी ते तोंड पोटभर बघितलं. मग तो मागच्या शिडीनं उतरून गेला. बँड वाजतच राहिला.

आई खुर्चीत सरळ बसली होती. "छान वाजवलं नेलिसनं," ती म्हणाली. मार्लूस रंगमंचाच्या मोकळ्या जागेकडं बघत होती, तो अजून तिथं असल्यासारखी.

त्यानंतर त्याला कुठंच सुटका राहिली नाही. आमची माणसं सुट्टीला सगळीकडं जातात. इबिझात, ग्रीसमध्ये, जिथं म्हणून तो हात वर करी तिथं दोन-चार डच पोरं मागून सूप मागायची, मग त्यांचं बघून इंग्रज, मग सगळेच. त्यानं ते गाणं वाजवणं सोडलं. मग लोक ते न वाजवल्याबद्दल ओरडायला लागले.

दुसऱ्या वर्षी तो आमच्या दारात आला. एकटा, गाडी गल्लीच्या तोंडाशी लावून. मार्लूसनं त्याला आत घेतलं, कॉफी दिली, डब्यातून एक बिस्किट दिलं आणि डब्याचं झाकण लावलं.

"मला विमानतळावर लोक ‘सूप’ म्हणून हाक मारतात," तो म्हणाला.

"माहीत आहे."

"काय हवंय तुला? नाव देतो. सगळीकडं. पहिलं तुझं, मग माझं."

"तुझ्या नावाशेजारी मला माझं नाव नको."

"मग बाबांचं देतो. ड्रीक फान डोंगन."

"त्यांचं नाव लोक आधीच घेतात. तू ऐकलंस की."

त्याचे डोळे भरून आले. मला वाटतं ते खरं पाणी होतं. "मार्लूस, मी तेव्हा चोवीस वर्षांचा होतो."

"मीही," ती म्हणाली. "तुझी कॉफी संपली."

आई आतल्या खोलीतून काठी टेकत आली. तिनं त्याला नीट न्याहाळलं, पोरगा बारीक झालाय का बघतात तसं. "आलास," ती म्हणाली. "सूप आहे. घेतोस?"

त्याला ते आमंत्रण आहे की चाबूक हे कळलं नाही. मला सुद्धा अजून कळलेलं नाही. तो उठला, "नको काकू" म्हणाला, आणि गेला. बिस्किट बशीत तसंच राहिलं होतं, ते आईनं खाल्लं.

आता तो बेल्जियममध्ये राहतो, जाहिरातींना संगीत देतो म्हणे. ‘कानाल’ हे नाव त्यानं सोडलं. मार्लूसनं ते घेतलं नाही. तिनं शेडमध्ये पुन्हा यंत्रं मांडली, या वेळी स्वतःच्या नावावर, आणि पन्नाशीच्या उंबरठ्यावर मार्लूस फान डोंगन या नावानं वाजवायला लागली. टिलबर्गमध्ये, उन्हाळ्यात कुरणांवर, पोस्टरवर पूर्ण तोंड. गर्दी फार मोठी नसते. वेणी तशीच आहे. ‘खारी पहाट’ ती कधी वाजवत नाही. एकदा मी विचारलं, आता तरी राग गेला का? ती म्हणाली, "कशाला जाईल? त्याला इथं चांगली जागा आहे."

गेल्या मे महिन्यात रुटगरचे वडील गेले. गावचा माणूस गेला की बँड जातो, ही रीत आहे. नेलिस पुन्हा टोपी हातात घेऊन आला, आणि विचारल्याशिवाय कसं जायचं म्हणाला.

"जा की," मार्लूस म्हणाली. "म्हातारा गावचा होता. पाद्री सांगतील ते वाजवा, आणि नीट वाजवा."

मी गेलो, बाहेरच्या बाकावर बसलो. रुटगर काळ्या कोटात पुढं चालत होता. त्यानं गर्दीत दोनदा नजर फिरवली, कुणाला तरी शोधत असल्यासारखी. ती आली नव्हती.

परतताना मी शेडमध्ये डोकावलो. ती माइकसमोर बसून काहीतरी रेकॉर्ड करत होती. सायकलच्या चाकाची तार होती बहुतेक. चर्चची घंटा वाजायला लागली, म्हाताऱ्यासाठी, आणि घंटेचा आवाज थेट आत येत होता. मार्लूसनं मान वर केली, उठली, खिडकी लावून घेतली, आणि पहिल्यापासून पुन्हा सुरू केलं.